चाळ कुणाच्या पायात, दोष कुणाच्या माथी?

(विहाराच्या वर्धापन दिनानिमित्त केलेल्या भाषणाचा मजकूर)



वर्धापन दिनाला शिक्षण, संघटन, व्यसनमुक्ती असे विषय दरवर्षी होतात आणि ते व्हायलाच पाहिजेत. यंदा समितीने आम्हाला बोलायला सांगितले तेव्हा आम्ही थोडा अवघड विषय मागून घेतला. विषय आहे गाणे, नाच आणि नीती. कुणी म्हणेल, विहारात हा विषय कशाला काढता? समोर बायाबापड्या बसल्या आहेत, लेकरे बसली आहेत. आमचे उत्तर असे की हा विषय दिल्लीचा नाही, मुंबईचाही नाही. तो आपल्या पनवेलचा आहे. गाण्या-नाचण्यावरच्या बंदीचा अलीकडच्या काळातला सगळ्यात मोठा कायदा महाराष्ट्रात झाला आणि त्याची सुरुवात आपल्या तालुक्यावरून झाली. तेव्हा पनवेलकरांनी त्याबद्दल चार शब्द नीट समजून घेणे हे आपले कामच आहे.

आधी झाले काय ते सांगतो. सन २००५ चे अर्थसंकल्पी अधिवेशन चालू होते. पनवेलचे तेव्हाचे आमदार विवेक पाटील यांनी आपल्या भागातल्या डान्स बारबद्दल लक्षवेधी सूचना मांडली. तरुण पोरे बिघडतात, घरे धुळीला मिळतात, अशी तक्रार होती. ३० मार्च २००५ रोजी उपमुख्यमंत्री आणि गृहमंत्री आर. आर. पाटील यांनी उत्तर देताना मुंबईबाहेरचे डान्स बार बंद करू, असे जाहीर केले. पंधरा दिवस होतात न होतात तोच, १२ एप्रिलला, मुंबईतलेही बंद करण्याची घोषणा झाली. जुलैमध्ये दोन्ही सभागृहांनी मुंबई पोलीस कायद्यात दुरुस्ती केली आणि ऑगस्टमध्ये, ऐन स्वातंत्र्यदिनाच्या तोंडावर, बंदी अमलात आली.

आता पनवेललाच हे बार का वाढले? पनवेल हे रस्त्यांचे गाव. मुंबई-पुण्याचा जुना रस्ता इथून जातो, गोव्याचा रस्ता इथून फुटतो. १९७० मध्ये सिडको आली, शेतकऱ्यांच्या जमिनी गेल्या, मोबदल्याचे पैसे गावात आले. १९८९ मध्ये न्हावा-शेवा बंदर सुरू झाले आणि ट्रक-कंटेनरची रीघ लागली. पिढ्यान्पिढ्या भातशेती आणि मिठागरे बघितलेल्या घरात एकदम रोकड आली, पण त्या रोकडीचे करायचे काय हे शिकवणारे कुणी आले नाही. रस्त्यावर दिवस-दिवस घरापासून दूर असलेला ड्रायव्हर आणि हातात जमिनीचे पैसे असलेला तरुण, या दोन गिऱ्हाइकांवर हे बार उभे राहिले. ज्या आयाबहिणींनी तेव्हा तक्रार केली त्यांचे दुःख खोटे नव्हते. नवऱ्याने एका रात्रीत महिन्याचा पगार उडवला तर चूल पेटत नाही. हे दुःख आम्ही जराही हलके मानत नाही. बारमध्ये शोषण होते, अल्पवयीन मुली आणल्या जात होत्या, मालक आणि मधले लोक मुलींच्या कमाईवर जगत होते, हेही खरे आहे.

पण मंडळी, दुःख खरे असले म्हणजे त्यावर काढलेला उपाय बरोबर ठरतो असे नाही. कायद्यात लिहिले काय होते ते बघा. ३३-अ या कलमाने परमिट रूममध्ये आणि बिअर बारमध्ये नाच बंद केला. लागलीच ३३-ब या कलमाने तीन तारांकित आणि त्यावरच्या हॉटेलांना, जिमखाने आणि क्लबांना सूट दिली. म्हणजे गाणे तेच, नाच तोच, ग्लासातली दारूही तीच. गिऱ्हाइकाच्या खिशात दहा हजार असले की ती संस्कृती, आणि पाचशे असले की ती अनीती. नीतीचा हा तराजू आपल्या ओळखीचा आहे. पाणवठा एकच, पण कुणी हात लावला की पाणी बाटते हे आपल्या पूर्वजांनी सोसलेले आहे.

दुसरी गोष्ट. बंदी आली ती नाचावर. दारूचा परवाना चालूच राहिला. दारूने आपल्या किती घरांचे वाटोळे केले याची मोजदाद करायला सरकारी आकडे लागत नाहीत, गल्लीत कुठल्याही म्हातारीला विचारा. पोराच्या हातातला ग्लास तसाच ठेवला आणि समोरच्या बाईच्या पायातले चाळ तेवढे काढून घेतले. ग्लासातून सरकारला महसूल मिळतो. चाळातून मिळत नाही.

तिसरी गोष्ट त्या बायकांची. राज्यभरात पंचाहत्तर हजार बायका या कामावर होत्या, असा आकडा त्या वेळी सर्वत्र छापून येत असे. एसएनडीटी महिला विद्यापीठाच्या संशोधन केंद्राने स्त्रियांच्या एका संघटनेसोबत २००५ मध्ये अशा पाचशे बायकांच्या मुलाखती घेतल्या. बहुतेकींचे शिक्षण अगदी थोडे. एकेकीच्या कमाईवर घरातली कितीतरी माणसे जगणारी. पगार म्हणाल तर नावापुरता, टिपवरच सारे अवलंबून, आणि त्या टिपेतही मालकाचा वाटा. कितीतरी जणी भातू, बेडिया, नट, कंजर, कोल्हाटी अशा जमातींमधून आलेल्या. यातल्या काही जमातींवर इंग्रजांनी १८७१ च्या कायद्याने गुन्हेगार म्हणून शिक्का मारला होता. जातीने नाचायला लावले, त्याच जातीवरून नावे ठेवली, आणि शेवटी कायदाही तिच्यावरच आला. पोलीस व्हॅनमधून तोंड लपवत उतरणारी ती दिसायची. समोर बसून नोटा उधळणाऱ्याचा फोटो छापून आलेला कुणी पाहिला आहे का?

या बायका गप्प बसल्या नाहीत, हे मुद्दाम सांगण्यासारखे आहे. त्यांनी युनियन काढली, भारतीय बारगर्ल्स युनियन. वर्षा काळे तिच्या अध्यक्ष. मुंबईच्या आझाद मैदानात तोंडाला ओढण्या बांधून हजारो जणी आल्या. तोंड झाकले होते ते गावाकडे लेकरे होती, म्हातारे आईबाप होते म्हणून. पण त्या आल्या. आणि बाबासाहेबांनी दिलेल्या संविधानाचाच आधार घेऊन कोर्टात गेल्या. कुठलाही धंदा-व्यवसाय करण्याचा हक्क आणि कायद्यापुढे समानता, ही दोन कलमे त्यांनी पुढे केली. १२ एप्रिल २००६ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने बंदी रद्द ठरवली. सरकार वर सर्वोच्च न्यायालयात गेले, बार बंदच राहिले. १६ जुलै २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयानेही उच्च न्यायालयाचाच निकाल कायम केला. मोठ्या हॉटेलात चालते ते लहान बारमध्ये अनीतीचे कसे होते, याचे पटणारे उत्तर सरकारला देता आले नाही. काम गेल्यामुळे कितीतरी बायकांना देहविक्रीकडे वळावे लागले आणि रोगापेक्षा औषधच वाईट ठरले, अशा अर्थाची नोंद त्या निकालात आहे.

यावर सरकारने काय करावे? जून २०१४ मध्ये मोठ्या हॉटेलांची सूटच काढून टाकली आणि सगळीकडेच बंदी केली. ऑक्टोबर २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिलाही स्थगिती दिली. मग २०१६ मध्ये नवा कायदा आला. बारमध्ये कॅमेरे लावा, देवळापासून आणि शाळेपासून एक किलोमीटर दूर राहा, अशा त्यात अटी. मुंबईसारख्या शहरात देवळापासून आणि शाळेपासून एक किलोमीटर दूर जागा कुठे सापडायची? १७ जानेवारी २०१९ रोजी न्यायालयाने या अटीही काढल्या. टिप हातात देता येईल, पण अंगावर नोटा उधळता येणार नाहीत, एवढे मात्र कायम ठेवले. तो निर्णय आम्हाला योग्य वाटतो, कारण नोटा उधळण्यात कलेची कदर नसते, माणसाला कमी लेखणे असते.

गाण्याच्या बाबतीतही तेच झाले. नाच बंद झाला तेव्हा कितीतरी ठिकाणी ऑर्केस्ट्रा बार निघाले. मुली माइक हातात घेऊन उभ्या राहिल्या. परवान्यात अट अशी की स्टेजवर चार बायका आणि चार पुरुष, त्याहून जास्त नाही. पाचवी गाणारी बाई आली की म्हणे नीती बिघडते! फेब्रुवारी २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही अटही रद्द केली. एकूण आठ कलाकार ठेवा, त्यात बायका किती आणि पुरुष किती हे सरकारने ठरवू नये, असे सांगितले. बाईचे रक्षण करायचे म्हणून तिचे कामच काढून घ्यायचे, हा जुना विचार न्यायालयाने मान्य केला नाही.

बंधू-भगिनींनो, हे काही २००५ मध्ये पहिल्यांदा घडले असे नाही. स्वातंत्र्याच्या सुमारास बाळासाहेब खेरांचे मंत्रिमंडळ असताना तमाशावर बंदी आली होती. कारण तेच, अश्लीलता. बंदी उठली ती वग आणि गाणी आधी तपासून घेण्याच्या अटीवर. तमाशाचे पोट होते महार, मांग, कोल्हाटी अशा जातींच्या कलावंतांवर. त्यांनी लिहिलेले-गाइलेले तपासणारे मात्र वेगळ्या वस्तीतले. आकाशवाणीचे उदाहरण घ्या. सरदार पटेल त्या खात्याचे मंत्री असताना, जिचे खासगी आयुष्य बदनाम आहे अशा गायिकेला रेडिओवर घेऊ नये, असा हुकूम निघाला. ज्या बायकांच्या घराण्यांनी ठुमरी आणि गझल जिवंत ठेवली त्यांनाच दार बंद. पुढे १९५२ मध्ये आपलेच मराठी गृहस्थ बाळकृष्ण केसकर मंत्री झाले आणि आकाशवाणीवरून सिनेमाची गाणी बंद पडली. लोकांनी काय केले? रेडिओचा काटा सिलोनकडे फिरवला. आपल्या वडीलधाऱ्यांना ते बुधवारचे बिनाका आठवत असेल. शेवटी १९५७ मध्ये सरकारला विविध भारती सुरू करावीच लागली.

१९९३ मध्ये 'खलनायक' सिनेमातल्या एका गाण्यावरून असेच काहूर उठले होते. कोर्टात अर्ज झाला. पण पडद्यावर नाचणाऱ्या नटीच्या घरावर कुणी धाड घातली नाही, घालायचे कारणही नव्हते. तेच गाणे लग्नाच्या वरातीत बँडवर वाजले, गणपतीपुढे वाजले, शाळेच्या स्नेहसंमेलनात लहान पोरी त्यावर नाचल्या आणि आईबापांनी टाळ्या दिल्या. तेच गाणे बारमध्ये वाजले तेव्हा मात्र समाज बुडाला. म्हणून आम्ही म्हणतो, या सगळ्या भांडणात गाण्याकडे कुणी फारसे बघतच नाही. बघतात ते, ते गाणारी-नाचणारी कोणत्या घरातली आहे याकडे.

विठाबाई भाऊ मांग नारायणगावकरांचे नाव आपण सगळे घेतो. फडावर नाचता नाचता कळा आल्या, आडोशाला बाळंत झाल्या आणि पुन्हा बोर्डावर उभ्या राहायला निघाल्या, अशी त्यांची गोष्ट सांगतात. राष्ट्रपतींचा पुरस्कार मिळाला. पण शेवटचे दिवस हलाखीत गेले. २००२ मध्ये त्या वारल्या आणि नंतर त्यांच्या नावाने सरकारी पुरस्कार सुरू झाला. जिवंतपणी नावे ठेवायची आणि मेल्यावर पुतळा करायचा, ही आपल्या राज्याची जुनी खोड आहे.

आता धम्माकडे येऊ. कुणी विचारील, बुद्धाने नाचगाण्यापासून दूर राहायला सांगितले नाही का? सांगितले आहे. उपोसथाला आपण अष्टशील घेतो त्यात नृत्य, गीत, वाद्य पाहण्या-ऐकण्यापासून अलिप्त राहण्याचे शील आहे. पण ते शील कोण घेतो? आपण स्वतः घेतो, स्वतःच्या तोंडाने, स्वतःवर. पंचशीलही तसेच. दुसऱ्याने दारू पिऊ नये, असे शील कुठेच नाही. मी पिणार नाही, असे आहे. शील आणि बंदी यांत हा एवढा फरक आहे, आणि आजच्या भाषणातून घरी एकच गोष्ट न्यायची असेल तर हीच न्या. शील माणूस आपल्या डोळ्यांना लावतो. बंदी तो दुसऱ्याच्या पायांना लावतो.

संयुक्त निकायात तालपुट नावाच्या नटाची गोष्ट आहे. राजगृहाला तो मोठा नाटकमंडळीवाला होता. तो बुद्धांकडे येऊन विचारतो, लोकांना हसवणारे-रिझवणारे आम्ही नट मेल्यावर देवलोकात जातो असे आमचे जुने गुरू सांगतात, तुमचे मत काय? बुद्धांनी दोनदा सांगितले, हे विचारू नकोस. तिसऱ्यांदा विचारले तेव्हा स्पष्ट उत्तर दिले. लोकांच्या मनात आधीच राग, द्वेष, मोह असतो, तो जो आणखी भडकवतो त्याची गती चांगली नाही. उत्तर कडक आहे, ते आम्ही गुळमुळीत करून सांगणार नाही. पण दोन गोष्टी लक्षात घ्या. बुद्धांनी आपण होऊन त्याला सुनावले नाही, त्याने खोदून विचारले म्हणून सांगितले. आणि त्याचा खेळ बंद करा म्हणून राजाकडे निरोप धाडला नाही. तालपुट रडला, तेव्हा त्याला संघात घेतले. पुढे तो अरहंत झाला.

उलट बाजूही आहे. दीघ निकायात पंचशिख गंधर्व वीणा घेऊन येतो आणि बुद्धांसमोर चक्क प्रेमगीत गातो, त्यात धम्माचे गुणही गुंफतो. बुद्ध रागावत नाहीत. तुझ्या तारांचा सूर आणि तुझा आवाज छान जुळला आहे, असे कौतुक करतात. वैशालीच्या आम्रपालीची गोष्ट तर आपल्या मुलांनाही पाठ आहे. गणिका म्हणून अख्ख्या गावाने बोट दाखवलेली बाई. तिने भोजनाचे आमंत्रण दिले, बुद्धांनी स्वीकारले. लिच्छवी राजपुत्र मागून आले, लाख नाणी देतो, ते आमंत्रण आम्हाला दे म्हणाले. ती म्हणाली, सगळी वैशाली दिलीत तरी देणार नाही. राजपुत्रांनाही बुद्धांनी सांगितले की मी आधीच शब्द दिला आहे. बाईचा धंदा विचारून त्यांनी शब्द फिरवला नाही.

आता बाबासाहेबांचे नाव घेऊन कुणी म्हणेल, त्यांनीच तर तमाशावर टीका केली होती. बरोबर आहे. १६ जून १९३६ रोजी मुंबईत परळच्या दामोदर हॉलमध्ये देवदासी, जोगतिणी, मुरळ्या यांच्या सभेत बाबासाहेब बोलले. हे जिणे सोडा, असे त्यांनी कठोर शब्दांत सांगितले. पठ्ठे बापूरावांनी तमाशाच्या उत्पन्नातून देऊ केलेली मदत त्यांनी नाकारली, असेही सांगतात. पवळा हिवरगावकरसारख्या आपल्या जातीच्या बाईला बोर्डावर नाचवून आलेला पैसा चळवळीला नको, हा त्यामागचा विचार. पण बाबासाहेबांचा राग कशावर होता? जात आपल्या लेकीबाळींना पिढ्यान्पिढ्या या कामाला जुंपते आणि वर त्याला परंपरा म्हणते, यावर. ते त्या बायकांच्या तोंडावर, त्यांच्यासमोर उभे राहून बोलले. एक माणूस म्हणून तुला दुसरे आयुष्य शक्य आहे, असे मानूनच बोलले. आणि नुसते बोलून थांबले नाहीत. वसतिगृहे काढली, १९४६ मध्ये सिद्धार्थ कॉलेज काढले, १९५० मध्ये औरंगाबादला कॉलेज काढले. दार बंद करणारा आणि दुसरे दार उघडणारा यांत फरक करता आला पाहिजे. २००५ मध्ये एक दार धाडकन बंद झाले. दुसरे उघडले नाही.

शिवाय बाबासाहेबांच्या चळवळीने गाणे कधी टाकले नाही. भीमराव कर्डकांच्या जलशाने तीच ढोलकी, तेच तुणतुणे, तोच तमाशाचा बाज हातात घेतला आणि त्यातून माणूस जागा केला. वामनदादा कर्डक गावोगाव फिरले. प्रल्हाद शिंद्यांचा आवाज प्रत्येक वस्तीतल्या कर्ण्यावर वाजला. विठ्ठल उमप तर नोव्हेंबर २०१० मध्ये नागपुरात दीक्षाभूमीवर मंचावरच कोसळले आणि गेले. आज कडुबाई खरात एकतारीवर गातात तेव्हा कुठल्याही वातानुकूलित सभागृहात न शिकलेला तो आवाज अंगावर काटा आणतो. आपण गाण्यावर वाढलेले लोक आहोत. गाणारणीला नावे ठेवणे आपल्याला शोभत नाही.

तरी नावे ठेवणे थांबलेले नाही. २०२३ मध्ये गौतमी पाटील या नृत्यांगनेवरून महाराष्ट्रात किती गदारोळ झाला ते आपण पाहिले. हावभाव अश्लील आहेत अशी टीका झाली, त्यात काही लावणी कलावंतही होत्या. कला कशी असावी यावर कलावंतांनी भांडावे, तो त्यांचा हक्क आहे. तिने त्या हावभावांबद्दल जाहीर माफीही मागितली. पण पुढे काही संघटना म्हणाल्या, तिने पाटील आडनाव लावू नये, बदनामी होते! बघा, म्हणजे शेवटी गोष्ट कुठे आली. तिने आडनाव सोडले नाही. आणि कपडे बदलतानाचा तिचा व्हिडिओ चोरून काढून ज्याने पसरवला त्याच्या आडनावाची चर्चा कुणी केली नाही.

आपल्या पनवेलमध्ये २ ऑगस्ट २०२५ रोजी शेतकरी कामगार पक्षाच्या वर्धापन दिनाच्या सभेत राज ठाकरे यांनी रायगड जिल्ह्यातल्या डान्स बारवर टीका केली. त्याच रात्री काही कार्यकर्त्यांनी कोन गावाजवळच्या एका बारची तोडफोड केली. आम्ही कुठल्या पक्षाच्या बाजूने किंवा विरुद्ध बोलत नाही, विहार ही ती जागा नव्हे. आम्ही एवढेच विचारतो की २००५ ते २०२५, वीस वर्षे झाली. कायदे झाले, निकाल झाले, धाडी झाल्या, काचा फुटल्या. या वीस वर्षांत पनवेलच्या एका तरी तरुणाला कुणी विचारले का, बाबा रे, तू तिथे का जातोस? तिथे काम करणाऱ्या एका तरी बाईला कुणी विचारले का, तुला दुसरे काम हवे आहे का, तुझे लेकरू शाळेत जाते का?

म्हणून शेवटी चार गोष्टी सांगतो, त्या आपल्या घरापासून सुरू होणाऱ्या आहेत.

पहिली, पुरुषांना. पाचवे शील आपण दर पौर्णिमेला म्हणतो. ते पाळले तर निम्मे बार गिऱ्हाइकाविना ओस पडतील, त्यासाठी दगड उचलायला नको आणि कायदाही नको. पगाराचे पाकीट घरी आले पाहिजे, एवढी गोष्ट आपल्या हातात आहे.

दुसरी, आयाबहिणींना. आपल्या चाळीत, आपल्या इमारतीत एखादी मुलगी रात्री ऑर्केस्ट्रात गाऊन पहाटे रिक्षाने घरी येत असेल. तिला बघून दार लावून घेऊ नका. भाड्याची खोली नाकारू नका. हळदीकुंकवाचे ताट नाही, पण पौर्णिमेच्या वंदनेला तिला हाक मारा. येईल, न येईल, तिची मर्जी. आम्रपालीचे आमंत्रण ज्यांनी स्वीकारले त्यांचे आपण अनुयायी आहोत.

तिसरी, मुलांबद्दल, आणि ही सगळ्यात महत्त्वाची. किशोर शांताबाई काळे हे कोल्हाटी नाचणारीचे पोर. त्यांनी बापाच्या जागी आईचे नाव लावले, डॉक्टर झाले आणि १९९४ मध्ये 'कोल्हाट्याचं पोर' लिहून महाराष्ट्राला आरसा दाखवला. २००७ मध्ये ते ऐन उमेदीत गेले. आज सरकारनेच १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचे नाव सक्तीचे केले आहे. कायद्याने ते नाव कागदावर येईल. पण वर्गात शेजारच्या बाकावरचा मुलगा 'तुझी आई काय करते' असे हसून विचारणार असेल तर कागदाचा काय उपयोग? ते हसू आपल्या घरातून जाते आणि घरातच थांबवावे लागते. आपल्या विहारात अभ्यासिका आहे, रविवारचा वर्ग आहे. तिथे येणाऱ्या कुठल्याही मुलाला आईबापाचा धंदा विचारला जाऊ नये, असा ठराव समितीने करावा, अशी आमची जाहीर विनंती आहे.

चौथी, आपल्या कार्यक्रमांबद्दल. जयंतीला, धम्मचक्र प्रवर्तन दिनाला आपण गायक-गायिका बोलावतो. ठरलेली बिदागी आधी हातात द्यावी. गायिकांना कपडे बदलायला कडीची खोली द्यावी, रात्री सुखरूप घरी पोचवायची जबाबदारी घ्यावी. अंगावर नोटा उधळणाऱ्याला व्यासपीठावरून खाली उतरवावे, मग तो कितीही मोठा देणगीदार असो. आणि जिथे खरोखर जबरदस्ती आहे, अल्पवयीन मुलगी आहे, तिथे गप्प बसू नये. मुलांसाठी १०९८ आणि महिलांसाठी १८१ हे नंबर फळ्यावर लिहून ठेवावेत. जबरदस्ती हा गुन्हा आहे, गाणे हा गुन्हा नाही. हा फरक आपल्याला कळला तर पोलिसांना आणि पुढाऱ्यांनाही तो सांगता येईल.

बंधू-भगिनींनो, पनवेलचे नाव एका बंदीच्या सुरुवातीला लिहिले गेले आहे, ते आता पुसता येणार नाही. पण याच पनवेलच्या एका विहारात गाणाऱ्या बाईचे लेकरू मान वर करून येते, पुस्तक घेऊन बसते आणि पहिला नंबर काढते, असे लोकांनी पुढे सांगितले पाहिजे. ते आपल्याला करता येण्यासारखे आहे, फार पैसाही लागत नाही.